मंगळाचं मॉडेल करताय? रॉकेट नंतर, आधी पाण्याचा हिशोब

आपल्या जळगाव-धुळ्याकडच्या विज्ञान प्रदर्शनात थर्माकोलचं रॉकेट आणि लाल गोळा असतोच, पण आत बसलेली माणसं जगणार कशी हे कुणी मांडत नाही. यंदा पोरांकडून ते करून घ्या.

आधी दिवस काढा. जायला ६ ते ९ महिने लागतात, पण निघायचा योग दर २६ महिन्यांनीच येतो म्हणून तिकडे थांबावंच लागतं, जाऊन-येऊन जवळपास तीन वर्षं, हिशोबाला १००० दिवस धरा. माणशी रोज ४ लिटर पाणी, त्यात पिणं, जेवण, अंग पुसणं सगळं आलं, माणसं चार, झाले १६ हजार लिटर. उन्हाळ्यात गल्लीत येतो ना पाच हजारी टँकर, तसे तीन भरून वर हजार लिटर!

एवढं वजन वर न्यायचं म्हणजे प्रचंड खर्च, म्हणून तेच पाणी फिरवून वापरायचं. अंतराळ स्थानकावर लघवी, घाम, श्वासातली वाफ सगळं गोळा करून शुद्ध करतात, आणि २०२३ मध्ये नासाने ९८ टक्के पाणी परत मिळवून दाखवलं. त्या हिशोबाने १६ हजारातले ३२० लिटरच वाया जातात, हा आकडा मोठ्या अक्षरात लावा. आणि हे डोळ्यांनी दाखवायचं असेल तर पोराच्या हाताला पारदर्शक प्लास्टिकची पिशवी घाला, मनगटाला रबर सैलसर लावा, घट्ट नको, थोड्या वेळात आतून धुकं धरतं आणि मग बोटांच्या बाजूला बारीक थेंब दिसायला लागतात. तेच पाणी तिथे प्यायचं असतं.

बाकी तक्त्यावर थोडक्यात. ऑक्सिजन माणशी रोज साधारण ८४० ग्रॅम. वजन जाणवत नाही म्हणून हाडं महिन्याला १ ते १.५ टक्के झिजू शकतात, त्यावर रोज दोनेक तास व्यायाम. अंतराळातलं घातक रेडिएशन नासाच्या क्युरिऑसिटी या मंगळगाडीने जाताना रोज १.८ मिलिसिव्हर्टच्या (शरीराला मिळणारं रेडिएशन मोजायचं एकक) आसपास मोजलंय, याला पक्का उपाय अजून नाही, तर उगाच आहे म्हणून लिहू नका.

परीक्षक हमखास विचारतात, पाणी शुद्ध करायचं मशीन बंद पडलं तर? उत्तर पाठ करून घेऊ नका, समजावून सांगा. मंगळ लांब असताना निरोप एका बाजूने पोचायलाच २२ मिनिटं लागतात, म्हणजे दुरुस्ती त्या चौघांनीच करायची. म्हणून मॉडेलमध्ये पंप-फिल्टरच्या सुट्या पार्टचा कप्पा हवाच, आणि पाण्याची टाकी कोपऱ्यात न ठेवता झोपायच्या खोलीभोवती फिरवा, कारण पाणी रेडिएशन अडवायलाही कामी येतं.