घरावर बँकेची ताबा-नोटीस लागली तर डीआरटीत (कर्जवसुली न्यायाधिकरणात) कसं जायचं (ठाणे-नवी मुंबईवाल्यांसाठी)

घणसोली, कळवा, दिवा कुठेही बघा, दारावर बँकेचा कागद लागला की घरचे लोक लाजेने गप्प बसतात आणि तिथेच बिघडतं, कारण 2002 च्या सरफेसी कायद्यात (थकलेल्या कर्जासाठी तारण घर बँकेला ताब्यात घेऊ देणारा कायदा) ताबा घ्यायला बँकेला आधी केस जिंकावी लागत नाही, कोर्टाकडून तपासून घ्यायचं ते तुम्हीच आणि तेही मुदतीत.

आधी कर्ज कोणाचं ते बघा. सहकारी बँकेलाही सरफेसी लागू आहे, सुप्रीम कोर्टाने 2020 मध्ये ते पक्कं केलं. पतसंस्था असेल तर मात्र सहकार कायद्याच्या कलम 101 चा वसुली दाखला येतो, तो रस्ताच वेगळा.

1. सरफेसीच्या कलम 13(2) ची नोटीस
हप्ता 90 दिवसांच्या वर थकला की खातं एनपीए (बुडीत धरलेलं), आणि मग 60 दिवसांत पूर्ण कर्ज भरा अशी नोटीस. ती घ्याच, पोस्टमनला परत पाठवून काही थांबत नाही. मग लेखी हरकत द्या, भरलेले हप्ते धरले नाहीत, व्याज जास्त लावलं, एनपीएची तारीख चुकली, जे खरं असेल ते, स्टेटमेंट जोडून. बँकेला 15 दिवसांत कारणांसकट उत्तर द्यावंच लागतं. नुसत्या त्या उत्तरावर डीआरटीत जाता येत नाही, पण पुढे हाच कागद तुमच्या कामाला येतो, म्हणून पोच घेतल्याशिवाय ब्रँचमधून निघू नका. बाकी रक्कम मुद्दल-व्याजाच्या 20 टक्क्यांपेक्षा कमी असेल तर कलम 31 खाली ही कारवाई करताच येत नाही, तेही लिहा.

2. ताबा-नोटीस आणि 45 दिवस
60 दिवसांनी 13(4) ची नोटीस दारावर लागते आणि 7 दिवसांत दोन पेपरांत छापावी लागते, त्यातला एक इथल्या भाषेतला. ताबा अजून कागदावरच असतो, लोकांना वाटतं घरात तर आपणच आहोत मग काय घाई, आणि डीआरटीत अर्ज करायचे 45 दिवस निघून जातात. असं करू नका हो. नोटिशीचा, दाराचा, पेपरच्या कात्रणाचा तारखेसकट फोटो काढा आणि वकील गाठा.

अर्ज कलम 17 चा. आपल्या भागासाठी डीआरटी-3, वाशीत सेक्टर 30ए ला रघुलीला मॉलजवळ. फी कर्ज 10 लाखांच्या आत असेल तर दर लाखाला 500 रुपये, वर असेल तर 5000 आणि पुढच्या दर लाखाला 250, जास्तीत जास्त 1 लाख. पूर्वी 75 टक्के रक्कम आधी भरायची अट होती, ती सुप्रीम कोर्टाने 2004 मध्ये रद्द केली. अर्ज टाकला म्हणजे स्टे मिळाला असं नाही, स्टे वेगळा मागायचा. सिव्हिल कोर्टात कलम 34 आडवं येतं, त्या कोर्टाला अशी केस घेताच येत नाही, आणि हायकोर्टही बहुतेक वेळा डीआरटीकडेच पाठवतं.

डीआरटीत बघतात ते बँकेने पायऱ्या नीट पाळल्या का एवढं, चूक निघाली तर ताबा परतही देतात. नोकरी गेली, आजारपण आलं हे सगळं खरं असलं तरी त्यावर ताबा चुकीचा ठरत नाही. ते बँकेला सांगा, सेटलमेंटची बोलणी सोबत चालू ठेवा, लेखी.

3. प्रत्यक्ष ताबा
यासाठी बँक कलेक्टरकडे (ठाण्यात कोर्टनाक्याला) किंवा चीफ ज्युडिशियल मॅजिस्ट्रेटकडे जाते. तिथे सहसा तुमचं ऐकलं जात नाही, त्यामुळे ऑर्डरची कॉपी मिळवा आणि तीही डीआरटीतच चॅलेंज करा.

4. लिलाव
पहिल्या विक्रीआधी 30 दिवसांची नोटीस हवी. पैसे भरून घर सोडवायचं असेल तर लिलावाची नोटीस छापून यायच्या आधी, नंतर हक्क सांगता येत नाही. 2023 मध्ये सुप्रीम कोर्टाने हे ठरवलं ते आपल्याच टीटीसी एमआयडीसीतल्या प्लॉटच्या केसमध्ये. लिलावाच्या आदल्या दिवशी नातेवाइकांकडून पैसे गोळा करत फिरणाऱ्यांना हे कोणीतरी आधी सांगायला हवं होतं.

डीआरटीत हरलात तर 30 दिवसांत डीआरएटीत (डीआरटीच्या वरच्या अपील न्यायाधिकरणात) अपील, पण तिथे निम्मी रक्कम आधी भरावी लागते, फार तर 25 टक्क्यांपर्यंत खाली आणतात, त्यामुळे सगळे कागद वाशीतल्या पहिल्याच अर्जाला जोडा.