कल्पनेतल्या जगासाठी जादूचा पदार्थ कसा घडवायचा

फॅन्टसी लिहायला घेतली की आपण पहिले जादू ठरवतो, म्हणजे हा पदार्थ खाल्ला की जखम भरते, अंगाला लावला की उडता येतं, आणि मग एक भारी नाव देऊन पुढं जातो. मी पण दोन वर्षं तेच केलं आणि गोष्ट काही हलली नाही. आता मी उलटं करतो, पहिले तो पदार्थ कुठं सापडतो आणि तो गोळा करायला कोणाला उठावं लागतं ते ठरवतो.

आमचं गाव दर्यापूरकडचं, पूर्णेच्या खोऱ्यातलं, म्हणजे पक्का खारपाणपट्टा. अमरावती, अकोला, बुलडाणा असा तीन जिल्ह्यांत पसरलेला आहे हा, खाली पाणी आहे पण खारं, आणि ते वावराला दिलं तर सोडियममुळे काळी माती चिकट होते, वाळली की दगड, मग पावसाचं पाणी पण आत जिरत नाही. उन्हाळ्यात काही ठिकाणी मातीवर पांढरं पिठासारखं येतं. लहानपणी ते बोटावर घेऊन मी चाटलं होतं, पहिले खारट आणि मागून कडवट, आणि आजी धुऱ्यावरूनच ओरडली, "काहून माती खाऊन राहिला रे पोट्ट्या!" माझा पदार्थ तिथूनच आला, नाव भुरं.

तर पहिले जागा आणि वेळ पक्की करा. माझं भुरं फक्त आटलेल्या नदीच्या पात्रात येतं, चैत्र-वैशाखात, पहाटे, आणि ऊन चढलं की परत मातीत जिरतं. ही पहाट मी मोहफुलावरून घेतली. गडचिरोली-भंडाऱ्याकडे मोह रात्री-पहाटे गळतो आणि बाया अंधारातच टोपली घेऊन निघतात, उशीर झाला की ढोरं खाऊन टाकतात. वेळ ठरली की माणसं आपोआप येतात बघा, रात्री पात्रात राखण कोण झोपतं, कोणाची पोरगी लवकर उठून दुसऱ्याच्या हद्दीतलं उचलते, भांडण कशावरून होतं.

मग काम एकच द्या आणि ते अंगात जाणवू द्या. चिमूटभर भुरं जिभेवर ठेवलं की जमिनीखाली गोडं पाणी ज्या बाजूला असेल त्या बाजूच्या दाढेत गार कळ येते, बस. वीस हातांपर्यंतच, आणि तोंडातलं विरघळेपर्यंतच. माझ्या जगातले पानाड्ये, म्हणजे जमिनीखालचं पाणी शोधून देणारे, त्याच्यावर जगतात. अजून चार कामं चिकटवायचा मोह होतो, नका करू, सगळं जमणारा पदार्थ असला की अडचणच उरत नाही.

सगळ्यात जास्त वेळ किमतीवर घालवा. मी पहिले लिहिलं होतं की भुरं खाल्लं की अशक्तपणा येतो, ते अगदीच मुळमुळीत झालं. मग मे महिना आला, आजी पंच्याहत्तरीची, बाहेर भट्टी पेटल्यासारखं ऊन, आणि ती म्हणे मला तहानच नाही लागली. म्हातारपणी तहान कमी जाणवते, अंगाला पाणी पाहिजे असतं पण अंग मागत नाही, म्हणून आम्ही दर तासाला तिच्या हातात गिलास द्यायचो आणि ती संपवेपर्यंत समोर बसायचो. तेच मी भुऱ्याला लावलं. जो पाणी शोधतो त्याची तहान मरते. म्हणून प्रत्येक पानाड्याच्या मागं एक लेकरू चालतं, हातात गडू, आणि त्याचं काम एवढंच, की थांबवायचं आणि पाजायचं. ही जोडी सापडली त्या रात्री मी झोपलोच नाही, कारण लेकरू चुकलं तर माणूस स्वतः शोधलेल्या पाण्याच्या काठावर मरतो.

बाजार विसरू नका. कापूस विकायला नेलेल्या कास्तकाराला माहीत आहे, ओल आहे म्हणून वजनात कशी कटती लावतात. भुऱ्यात साधं मीठ मिसळणारा व्यापारी असेल, चाखून भेसळ ओळखणारी म्हातारी असेल. आणि नावं दोन ठेवा, वेचणारे भुरं म्हणतात, वाड्यावर त्यालाच शुभ्रकण म्हणतात, कोण कुठला ते एका शब्दात कळतं.

एक दिवस पदार्थ बदलू पण द्या. 2020 च्या जूनमध्ये लोणारच्या सरोवराचं पाणी गुलाबी झालं, खाऱ्या पाण्यात वाढणाऱ्या सूक्ष्मजीवांच्या रंगामुळे, पण ते तपासून कळेपर्यंत ज्याला जे वाटलं ते तो बोलत होता. भुरं एका पहाटे तांबूस निघालं तर कोण घाबरेल आणि कोण भाव वाढवेल, याचीच दोन प्रकरणं होतात.

लिहायला बसाल तेव्हा पहिला सीन राजाचा नका घेऊ, गडूवाल्या पोरीचा घ्या. दुपार, पानाड्या पुढं झपाझप चाललाय, त्याचे ओठ फुटलेत आणि त्याला ते कळत नाही, आणि गडूत पाणी किती उरलंय ते पहिल्याच ओळीत सांगा.