‘मॉर्टिफाय’ हे क्रियापद वापरताना या चुका टाळा

मराठी माध्यमातून शिकलेल्या वाचकाला इंग्रजीतले ‘मॉर्टिफाय’ हे क्रियापद बरेच उशिरा भेटते, आणि भेटते तेही बहुधा ‘मॉर्टिफाइड’ या रूपात, एखाद्या कादंबरीच्या पानावर. वाचक शब्दकोश न उघडता संदर्भावरून अर्थ लावतो, तो अर्धाच बरोबर असतो आणि पुढे वर्षानुवर्षे तसाच वापरला जातो. अनुवाद तपासण्याच्या माझ्या कामात या एका शब्दावर जितक्या वेळा लाल खूण करावी लागते, तितकी फार थोड्या शब्दांवर करावी लागते.

सर्वांत जास्त आढळणारी चूक भीतीची आहे. ‘रात्री अंगावर कुत्रा धावून आला आणि मी मॉर्टिफाइड झालो’ अशा धाटणीची वाक्ये विद्यार्थ्यांच्या वह्यांत वारंवार दिसतात. ‘टेरिफाइड’, ‘हॉरिफाइड’, ‘पेट्रिफाइड’ या शब्दांशी यमक जुळत असल्यामुळे हाही त्यांच्यापैकीच एक असावा, असा समज होतो. ‘टेरिफाइड’ म्हणजे घाबरलेला आणि ‘पेट्रिफाइड’ म्हणजे भीतीने दगड झालेला. ‘मॉर्टिफाइड’मध्ये मात्र भीतीचा अंशही नाही. तेथे आहे ती लाज, आणि तीही साधी नव्हे. भरल्या मांडवात आपल्या हातून विहिणीचेच नाव चुकावे, सगळ्यांच्या माना आपल्याकडे वळाव्यात आणि धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरे असे वाटावे, त्या क्षणाची ही अवस्था आहे.

ही अवस्था मराठीत आपण कशी सांगतो, हे आठवले तर शब्दाचे मूळही हाती लागते. आपण म्हणतो, ‘मला मेल्याहून मेल्यासारखे झाले.’ ‘मॉर्टिफाय’च्या पोटात नेमका हाच मृत्यू आहे. लॅटिनमध्ये ‘मॉर्स’ म्हणजे मृत्यू आणि ‘फाकेरे’ म्हणजे करणे. या दोहोंपासून ‘मारणे, मृतवत करणे’ या अर्थाचे क्रियापद झाले, ते जुन्या फ्रेंच भाषेतून १४व्या शतकात इंग्रजीत आले. लॅटिन ‘मॉर्स’ आणि संस्कृत ‘मृ’ धातू हे एकाच प्राचीन इंडो-युरोपीय मुळाचे आहेत. त्यामुळे आपले मरण, मृत्यू, मर्त्य, इतकेच काय, फारसीतून आलेला ‘मुडदा’सुद्धा या इंग्रजी शब्दाच्या भाऊबंदांत मोडतो. ‘मॉर्टल’ आणि ‘मर्त्य’ हे शब्द शेजारी ठेवून मोठ्याने उच्चारले, तर हे नाते कानालाही जाणवते.

दुसरी चूक जुने ग्रंथ वाचताना होते, आणि ती अधिक गंभीर आहे, कारण तिच्यामुळे परिच्छेदाचा अर्थच उलटतो. लाज हा या क्रियापदाचा नंतरचा अर्थ आहे. तो १७व्या शतकात रुळला. त्याआधी प्रत्यक्ष ठार मारणे हा अर्थ होता, आणि त्याच्या जोडीला धार्मिक अर्थ होता तो देहाच्या वासना मारण्याचा. १६११ साली प्रसिद्ध झालेल्या किंग जेम्स बायबलमध्ये, कलस्सैकरांस लिहिलेल्या पत्राच्या तिसऱ्या अध्यायातील पाचव्या वचनात, ‘पृथ्वीवरील आपले अवयव मॉर्टिफाय करा’ असा आदेश आहे. आजचा अर्थ मनात ठेवून वाचणाऱ्याला तेथे अवयवांना लाजवायला सांगितले आहे असे वाटू शकते. प्रत्यक्षात सांगितले आहे ते त्या अवयवांत वसणारी वासना मारून टाकायला, आणि म्हणूनच अलीकडच्या इंग्रजी भाषांतरांत हे क्रियापद काढून सरळ ‘ठार करा’ अशा अर्थाचे शब्द घातलेले दिसतात. मराठीला येथेही अडचण पडू नये. आपण ‘मन मारतो’, ‘भूक मारतो’, ‘इच्छा मारतो’. एकच ‘मारणे’ लाजेलाही पुरते आणि निग्रहालाही पुरते, ही सोय आपल्या भाषेत आधीपासून आहे.

या धार्मिक अर्थाचे नाम ‘मॉर्टिफिकेशन’. मध्ययुगीन ख्रिस्ती संन्यासी उपवास करीत, केसाळ खरखरीत कापडाचा सदरा उघड्या अंगावर घालीत, काही जण स्वतःला चाबकाचे फटकेही मारून घेत. या सगळ्याला हा शब्द आहे. त्याचा मराठी अनुवाद करताना दोन शब्द चटकन सुचतात आणि दोन्ही जपून वापरावे लागतात. पहिला ‘देहदंड’. तो अर्थाने अगदी जवळचा असला, तरी आजच्या वर्तमानपत्री मराठीत मृत्युदंडासाठीही तो वापरला जातो. ‘संन्याशाने देहदंड स्वीकारला’ असे लिहिले, तर संन्याशाला फाशी झाली असेही कोणी वाचेल. मी अशा ठिकाणी ‘देहदमन’ पसंत करतो. दुसरा शब्द ‘तपश्चर्या’. तो मला मान्य नाही. गीतेच्या १७व्या अध्यायात शरीराचे, वाणीचे आणि मनाचे अशी तीन तपे सांगितली आहेत, त्यांत प्रिय व हितकर बोलणे आणि मनाची प्रसन्नताही येते. उलट त्याच अध्यायात शरीराला व्यर्थ कृश करणाऱ्यांना आसुरी निश्चयाचे म्हटले आहे. तेव्हा तप आणि देहाला मुद्दाम दिलेले क्लेश यांना एकाच शब्दात कोंबणे दोन्ही परंपरांवर अन्याय करणारे आहे.

येथेच व्याकरणाचा एक बारकावा आहे. ‘मी मॉर्टिफाइड झालो’ म्हणजे मला लाजेने मेल्यासारखे झाले. पण जुन्या लेखनात एखाद्याने ‘स्वतःला मॉर्टिफाय केले’ असे असेल, तर त्याने स्वतःचे हसे करून घेतले असा अर्थ नसून त्याने देहदमन केले असा असतो. त्याचप्रमाणे ‘मॉर्टिफाइड’ माणूस असतो आणि ‘मॉर्टिफायिंग’ प्रसंग असतो. यांची अदलाबदल करू नये.

जुने वैद्यकीय लेखन वाचणाऱ्यांसाठी आणखी एक सूचना. १८व्या आणि १९व्या शतकांतील इंग्रजी पत्रांत सैनिकाच्या पायाला ‘मॉर्टिफिकेशन’ झाल्याचे लिहिलेले असते. माझ्याकडे आलेल्या एका हस्तलिखितात या ठिकाणी ‘पायाची मानहानी’ असे भाषांतर होते. अनुवाद मेहनतीने केलेला होता, शब्दकोशही पाहिलेला होता, केवळ पहिलाच अर्थ उचललेला होता. तेथे पाय सडला होता: रक्तपुरवठा तुटून जिवंत मांस मृत झाले होते, ज्याला आज आपण गँग्रीन म्हणतो. मृत्यूचा मूळ अर्थ इतका उघडावाघडा दुसरीकडे क्वचितच दिसतो. स्कॉटलंडच्या कायद्यात याच नामाचा अर्थ धर्मादाय देणगी असाही होतो, तेव्हा तेथील जुन्या दस्तऐवजांत हा शब्द दिसल्यास प्रथम मालमत्तेचा विचार करावा.

मूळ कळल्यावर होणारी चूकही सांगायला हवी, कारण ती उत्साही वाचकांकडून होते. ‘मॉर्ट’ दिसले की मृत्यू शोधायचा, असा नियम करून चालत नाही. ‘मॉर्गेज’ म्हणजे गहाण, हा शब्द खरोखर ‘मृत तारण’ असा आहे. इंग्लंडचे कायदेपंडित एडवर्ड कोक यांनी त्याचा खुलासा असा केला की, कर्ज फिटले नाही तर जमीन ऋणकोला मेली आणि फिटले तर तारण धनकोला मेले. पण बांधकामातला ‘मॉर्टर’ आणि खलबत्त्यातला ‘मॉर्टर’ हे लॅटिनमधील खलाच्या नावावरून आले आहेत. त्यांचा मरणाशी संबंध नाही.

राहिला तो मात्रेचा प्रश्न. ‘एम्बॅरस’ म्हणजे ओशाळवाणे करणे, ‘ह्युमिलिएट’ म्हणजे मान खाली घालायला लावणे. ‘ह्युमिलिएट’मध्ये बहुधा कमी लेखणारा कोणीतरी असतो. ‘मॉर्टिफाय’ला असा कोणी लागतोच असे नाही, आपल्याच चुकीने माणूस मेल्याहून मेला होऊ शकतो. मात्रा टोकाची असल्यामुळे त्याच्या आधी ‘व्हेरी’ शोभत नाही, ‘ॲब्सोल्यूटली’ चालते. कार्यालयीन पत्रात उत्तराला दोन दिवस उशीर झाल्याबद्दल हा शब्द लिहू नये. तेथे ‘सॉरी’ पुरेसे आहे.