रहस्यकादंबरीची पटकथा: आधी खून सरळ मांडा, मग लपवा

रहस्यकादंबरीवरून गोव्यात घडणारा चित्रपट लिहायचा तर कामाची सुरुवात कादंबरीचे हक्क घेण्याच्या करारपत्रापासून होते. लेखक वारल्यानंतरही ६० वर्षं कॉपीराइट वारसांकडे राहतो आणि हक्क लेखी, सहीनिशीच घ्यावे लागतात. करारात मुदत लिहिली नसेल तर ती ५ वर्षं धरतात, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. खरा घात होतो तो दुसऱ्याच कलमाने: घेतलेले हक्क वर्षभरात वापरले नाहीत, आणि करारात वेगळं काही ठरलेलं नसेल, तर ते संपुष्टात येतात. पैसे जमवण्यातच दोन वर्षं जातात, म्हणून ही मुदत वाढवून घ्याच. कादंबरी अनुवादित असेल तर मूळ लेखक आणि अनुवादक अशा दोघांच्याही सह्या लागतात.

आता कथा. कादंबरीच्या वाचकाला शंका आली की तो चाळीस पानं मागे जाऊन बघतो. थिएटरातल्या प्रेक्षकाला ती सोय नाही. म्हणून संवादाला हात लावण्याआधी मोठ्या कागदावर तीन रकाने आखा. पहिल्यात खरोखर काय घडलं ते तारीखवार, तासावार आणि खुनी कोण हे न लपवता लिहा. दुसऱ्यात प्रत्येक पात्राला त्यातलं काय आणि कधी कळलं ते. तिसऱ्यात प्रेक्षकाला काय दिसलं. पहिल्या रकान्यात भोक सापडलं तर ते मूळ कादंबरीतलं असतं. लेखकाने छान गद्याने ते झाकलेलं असतं. पडद्यावर ते झाकलं जात नाही.

पात्रं कमी करावीच लागतात. दोन तासांत नऊ संशयितांची नावं कुणाच्या लक्षात राहत नाहीत, पाच पुष्कळ झाले. मात्र दोन पात्रं एक करताना त्यांच्याकडचे धागेदोरेही एकत्र येतात आणि नवं पात्र उगाच संशयास्पद दिसायला लागतं. पटकथेच्या एका पानाला पडद्यावरचं एक मिनिट हा हिशोब देवनागरीत नेहमी जुळतोच असं नाही. घड्याळ लावून मोठ्याने वाचा.

कथा गोव्यात आणताना सगळ्यात जास्त पडझड होते ती खुनाच्या हेतूची. परक्या कादंबऱ्यांतला लाडका हेतू म्हणजे रागावलेला बाप मृत्युपत्र बदलतो आणि मुलाला बेदखल करतो. गोव्यात हे चालत नाही. इथल्या वारसा कायद्यात इस्टेटीचा निम्मा हिस्सा मुलांसारख्या हक्काच्या वारसांसाठी राखलेला असतो, आणि त्यांना तोडायचं तर कायद्यात नमूद केलेलंच कारण लागतं. शिवाय लग्नाआधी वेगळा करार नसेल तर सर्वसाधारणपणे मालमत्ता नवरा-बायकोची सामाईक असते आणि बायकोची सही नसेल तर घर विकता येत नाही. फोंड्यातला प्रेक्षक हे वकिलाकडे न जाताही जाणतो, आणि तुमचं मृत्युपत्र पडद्यावर आलं की तो हसतो.

पण याच कायद्यातून हेतू काढा, तो जास्त धारदार निघतो. राजांगणाचं, म्हणजे मधोमध मोकळं अंगण असलेलं जुनं घर, गिऱ्हाईक तयार, आणि एका भावाची सही अडलेली. किंवा भाटकार (जमीनमालक) आणि मुंडकार (त्याच्या जमिनीवर घर करून राहणारा): १९७५च्या कायद्याने मुंडकाराला घरातून मनमानीने काढता येत नाही, उलट ते घर विकत घेण्याचा हक्क त्याच्याकडे आहे. दोन पिढ्यांचा राग इथे आयताच मिळतो. संबोधनही धाग्यासारखं वापरता येतं. आयुष्यभर आदराने ‘बाब’ म्हणणारा माणूस एका दृश्यात नुसतं नाव घेतो. कादंबरीत ते सहज नजरेत येतं, पडद्यावर मात्र कानावरून निसटतं, आणि आपल्याला हवं असतं ते हेच. फक्त पेडण्याच्या माणसाच्या तोंडी पुणेरी मराठी घालू नका, नाहीतर हा धागा ऐकूच येणार नाही.

वेळेचा पुरावा जागेवर तपासा. पोदेर, म्हणजे पाववाला, सकाळ-संध्याकाळ ठरल्या वेळी भोंपू वाजवत येतो, त्याच्यासारखा साक्षीदार नाही. मांडवी नदीतल्या चोडण बेटाची फेरीबोट नदीपलीकडे असेल तर गाडी घेऊन पळणाऱ्याला थांबावंच लागतं. मांडवीत भरतीचं पाणी आतवर शिरतं. दोन भरत्यांमध्ये साधारण १२ तास २५ मिनिटं जातात, म्हणजे भरती रोज सुमारे ५० मिनिटं उशिरा येते. कथेत पहिल्या आणि चौथ्या दिवशी एकाच वेळी भरती दाखवलीत तर किनाऱ्यावरचा कुणीही चूक काढेल. बुडालेलं प्रेतही लगेच तरंगत नाही.

शेवटच्या दृश्यात सगळे दिवाणखान्यात जमतात, इन्स्पेक्टर बोट दाखवतो, खुनी रडत कबूल करतो. आपल्याकडे पोलिसापुढची कबुली न्यायालयात पुरावा ठरत नाही. मात्र कोठडीतल्या आरोपीने सांगितल्यावरून एखादी वस्तू सापडली तर तेवढा भाग ग्राह्य धरतात. म्हणून शेवट कबुलीवर न ठेवता विहिरीतून निघालेल्या वस्तूवर ठेवा. दृश्य म्हणूनही ते सरस ठरतं.

कागदाचा धागा असेल तर एक अडचण येते: १९६१पूर्वीचे दस्तऐवज पोर्तुगीजमध्ये असतात आणि ते बहुतेकांना वाचता येत नाहीत. मराठीत खोटा कागद बनवू नका. रहस्य मजकुरात न ठेवता आकड्यात, सहीत किंवा शिक्क्यात ठेवा. कागद पडद्यावर किती वेळ राहावा? त्यातली गरजेची ओळ सावकाश दोनदा वाचून होईपर्यंत.

चित्रीकरणाचा क्रम चकव्यात टाकतो. पावसाळ्यात चिऱ्यांच्या भिंतीवर चढलेलं हिरवं शेवाळ जानेवारीत सुकून काळं पडतं. खुनाची रात्र जुलैत आणि तिचा शेवटचा फ्लॅशबॅक डिसेंबरात टिपला तर भिंतच बिंग फोडते. दोन्ही एकाच दिवशी, त्याच लेन्सने घ्या. फ्लॅशबॅकमध्ये आधी चौकटीत नसलेली वस्तू दाखवू नका; प्रेक्षक चुकलेला चालतो, फसवलेला चालत नाही. कौलांवर पाऊस पडत असताना जागेवरचा आवाज वापरण्याजोगा राहत नाही, त्यामुळे डबिंगचा खर्च धरा. परवानग्यांसाठी आधी पणजीतल्या एंटरटेनमेंट सोसायटी ऑफ गोवाकडे जा. फेरीबोटीसाठी नदी परिवहन खातं आणि जुन्या गोव्यातल्या संरक्षित वास्तूंसाठी पुरातत्त्व सर्वेक्षण, ही दारं वेगळी.

पटकथा झाली की कादंबरी न वाचलेल्या सहा जणांना ती वाचून दाखवा. ६०व्या आणि ९०व्या पानावर थांबून प्रत्येकाकडून संशयिताचं नाव चिठ्ठीवर घ्या. साठाव्यालाच चौघांना बरोबर कळलं तर धागा जास्त उघडा आहे. तो काढू नका, त्याच दृश्यात शेजारी एखादं भांडण पेटवा. नव्वदाव्यालाही कुणालाच कळलं नाही तर खुनी निर्दोष वाटेल असं एखादं दृश्य कमी करा. चिठ्ठ्या परत देऊ नका. संकलनाच्या टेबलावर त्या पुन्हा लागतात.