पहिला जर्मन अनुवाद : हर्मिनिया त्सुर म्युलेन घ्यायची असेल तर

जर्मनची बी-२ (मध्यम-वरची) पातळी झाली की अनुवादासाठी बहुतेक जण त्स्वाइग नाहीतर काफ्का हातात घेतात. दोघंही मराठीत केव्हाच आले आहेत. त्यापेक्षा ऑस्ट्रियन लेखिका हर्मिनिया त्सुर म्युलेन (Hermynia Zur Mühlen) घ्या.

१८८३ साली व्हिएन्नाच्या सरदार घराण्यात त्यांचा जन्म झाला. लग्न करून त्या एस्टोनियातल्या जर्मन जमीनदाराकडे गेल्या, क्षयामुळे स्वित्झर्लंडमधल्या दावोसला राहिल्या आणि १९१९मध्ये फ्रँकफुर्टला येऊन साम्यवादी चळवळीत उतरल्या. चरितार्थ अनुवादावर : इंग्रजी, फ्रेंच, रशियनमधून सत्तरहून अधिक पुस्तकं, त्यांत अमेरिकन कादंबरीकार अप्टन सिंक्लेअर बराच. शिवाय लॉरेन्स एच. डेस्बेरी या नावानं त्यांनी रहस्यकथा लिहिल्या आणि त्यांवर अनुवादक म्हणून स्वतःचं नाव घातलं. ग्रंथालयाच्या यादीत ही पुस्तकं अनुवाद म्हणून दिसली तरी मूळ इंग्रजी शोधत बसू नका, ते नाहीच. यादीत नाव 'झेड' आणि 'एम' दोन्हींखाली पाहा.

हक्कांचं (कॉपीराइटचं) आधी बघा. बाई १९५१ साली इंग्लंडमध्ये वारल्या. भारतात मृत्यूनंतर ६० वर्षं हक्क राहतात, म्हणजे २०१२पासून त्यांचं मूळ लेखन मोकळं आहे. युरोपात ७० वर्षं, म्हणून २०२२पासून. फसगत होते ती चित्रांत. त्यांच्या १९२१च्या बालकथांना जर्मन चित्रकार गेओर्ग ग्रोसची चित्रं आहेत. तो १९५९मध्ये गेला, त्यामुळे भारतात ती चालतील, पण युरोपात विकायच्या ई-बुकात २०२९ अखेरपर्यंत परवानगी लागेल. अलीकडच्या इंग्रजी अनुवादांचे हक्कही वेगळे असतात, तेव्हा काम मूळ जर्मनवरूनच करा.

सुरुवात या बालकथांनी करावी. पाय मोडून एकट्या पडलेल्या पीटरशी कोळसा, काड्यापेटी, पाण्याची बाटली बोलतात. वाक्यं लहान, बी-२ला झेपणारी.

खरा कस लागतो तो त्यांच्या १९३५च्या नाझीविरोधी कादंबरीत. व्हिएन्नात छापली आणि लगेच तिच्यावर बंदी आली. तीन आया आळीपाळीनं आपल्या मुलींबद्दल सांगतात : कामगार काटी ग्रुबर, एक काउंटेस आणि डॉक्टरची बायको. नवशिके तिघींना एकाच प्रमाण मराठीत बोलवतात आणि पुस्तक तिथंच मरतं. काटीला मालवणी किंवा वऱ्हाडी देऊ नका, बोडेन्झे सरोवराच्या काठची बाई एकदम कोकणात नाहीतर विदर्भात जाऊन बसते. तिला तुटक वाक्यं आणि रोजच्या कामाचे शब्द पुरतात. काउंटेसची वाक्यं लांब ठेवा. डॉक्टरच्या बायकोच्या बोलण्यातला मत्सर आणि प्रतिष्ठेचा हव्यास सौम्य करण्याचा मोह होतो, तो कटाक्षानं टाळा. तिचं घरगुती, गोड बोलणं तसंच राहिलं तरच द्वेष घरात कसा शिरतो ते कळतं.

प्रकाशकाला नमुना पाठवताना पहिली वीस पानं सलग देऊ नका. तिघींची प्रत्येकी सहा-सात पानं द्या, आणि पाठवण्यापूर्वी नावं झाकून कुणाला तरी मोठ्यानं वाचून दाखवा. कोण बोलतंय हे ऐकणाऱ्याला ओळखता आलं नाही, तर तो भाग पुन्हा लिहा.