पडक्या चर्चची भिंत कशी वाचायची

इंग्लंडला येणाऱ्या आपल्या लोकांना मी आवर्जून सांगते, एक दिवस यॉर्कशरमधल्या व्हॅरम पर्सीसाठी राखून ठेवा. गाव केव्हाच उठलंय, सेंट मार्टिनचं चर्च तेवढं उभं आहे, तेही बिनछपराचं. गाडी लावून पाऊण मैल चालावं लागतं. वाट चिखलाची, तेव्हा बूट दणकट हवेत.

पोचलात की लगेच आत शिरू नका. दक्षिणेच्या भिंतीपासून वीसेक पावलं मागे सरा आणि नुसतं बघत राहा. भिंतीत कमानी दिसतील, दगडांनी बुजवलेल्या. बुजवलेली कमान दिसली की समजायचं, पलीकडे एकेकाळी दालन होतं. बाराव्या शतकाच्या अखेरीस माणसं मावेनात, म्हणून इथली भिंत फोडून कमानी काढल्या आणि बाजूला दालन जोडलं. पुढे वस्ती आटली. रिकाम्या दालनाचं छप्पर कोण शाकारणार? दालन पाडलं, कमानी भरून काढल्या. सतराव्या शतकात वेदीकडची बाजूही आखूड केली. गावाची भरभराट आणि उतरती कळा, दोन्ही या एका भिंतीत आहेत. माझा सगळ्यात जास्त वेळ इथेच जातो.

जमिनीखालचं मात्र डोळ्यांना दिसत नाही. १९५० ते १९९० अशी चाळीस वर्षं इतिहासकार मॉरिस बेरेसफर्ड आणि पुरातत्त्वज्ञ जॉन हर्स्ट यांनी इथे उत्खनन चालवलं, तेव्हा आधीच्या लहान चर्चचे पाये सापडले.

मग टेकाडावर चढा. गवतातले चौकोनी उंचवटे म्हणजे घरांची जोती. ऊन तिरपं असताना ती ठळक दिसतात. गाव प्लेगने संपलं असं कुणी सांगितलं तर मान डोलावू नका. १३४९ च्या साथीनंतरही इथे लोक नांदत होते. पुढे लोकरीला भाव आला, जमीनमालकांनी नांगरट मोडून मेंढ्यांसाठी कुरणं केली आणि १५०० च्या सुमारास उरलीसुरली कुटुंबंही हुसकावली. मला या जागी अजूनही संताप येतो.

तरी चर्च टिकलं, कारण आसपासच्या वाड्या याच पॅरिशमध्ये, म्हणजे याच चर्चच्या हद्दीत होत्या. थिक्सेंडेलचे लोक डोंगर तुडवत इथे प्रार्थनेला यायचे. १८७० मध्ये त्यांचं स्वतःचं चर्च झालं. इथली शेवटची नियमित उपासना १९४९ ची, आणि दहा वर्षांनी मनोरा अर्धा ढासळला.

दुसऱ्या कुठल्या जुन्या चर्चला गेलात तर मनोऱ्याच्या भिंतीवर उलट्या व्ही आकाराची खूण शोधा. छप्पर पूर्वी कुठवर होतं ते तिच्यावरून कळतं.