नाटकातला उतारा निवडताय? या चुका टाळा

मे महिन्यातल्या आमच्या दादरच्या शिबिरात यंदा तेवीस मुलं होती. पहिल्या दिवशी प्रत्येकानं आपापलं स्वगत करून दाखवायचं, असा शिरस्ता आहे. नऊ जणांनी गावाकडचं पात्र आणलं होतं आणि नऊही जण एकाच गावचे वाटत होते. सगळीकडे 'आरं', 'लई', 'म्या'. एक पात्र सिंधुदुर्गातलं, एक यवतमाळचं. मालवणी माणूस 'मला'ला 'माका' म्हणतो, वऱ्हाडी माणूस 'मले' म्हणतो. हा फरक संहितेत चक्क छापलेला होता. मुलांनी तो पुसून त्यावर सिनेमातली गावठी भाषा चढवली.

मला सगळ्यात जास्त टोचते ती ही चूक. वेगळ्या समाजातलं, वेगळ्या बोलीतलं पात्र करा म्हणून मीच मुलांच्या मागे लागते. पण ती बोली बोलणारं एकही माणूस तुम्ही नीट ऐकलेलं नसेल, तर तो उतारा तूर्त बाजूला ठेवा.

काही वर्षांपूर्वी पार्ल्याच्या एका मुलीनं स्पर्धेसाठी कोळणीचं स्वगत बसवलं. पदर खोचलेला, एक हात कमरेवर, पहिल्या वाक्यापासून भांडण. तालमीत सगळे हसले, टाळ्याही मिळाल्या. त्याच गटात वरळी कोळीवाड्यातली एक मुलगी होती. सगळे गेल्यावर ती माझ्याजवळ आली आणि म्हणाली, "ताई, माझी आई अशी नाही बोलत." मला रात्रभर झोप लागली नाही, कारण टाळ्या वाजवणाऱ्यांत मीही होते. त्या आठवड्यात दोघींना घेऊन मी तिच्या आईच्या शेजारी बाजारात जाऊन बसले. बाईंचे हात कोलंबी सोलत होते आणि ते थांबतच नव्हते. गिऱ्हाईकानं भाव विचारला की मान वर न करता आकडा सांगायच्या आणि बोटानं वाटा पुढे सरकवायच्या. दीड तासात आवाज चढला तो एकदाच, बर्फवाल्यावर. पुढच्या तालमीला पार्ल्याच्या मुलीनं मटार सोलत सोलत तेच स्वगत म्हटलं. आवाज आपोआप खाली आला. होडीवरच्या कर्जाचं एक वाक्य त्यात होतं, ते आम्हाला त्या दिवशी पहिल्यांदा ऐकू आलं.

तेव्हापासून माझा नियम आहे: आठ दिवस फक्त ऐकायचं, पाठांतर नवव्या दिवशी. मुंबईत याला सबब नाही. लालबाग-परळच्या कुठल्याही जुन्या चाळीत विचारा, मालवणी बोलणारी आजी सापडेल. परवानगी घेऊन फोनवर रेकॉर्ड करा. नुसता हेल उचलू नका, माणूस कुठे थांबतो ते ऐका.

दुसरी चूक आळसाची, म्हणून मी तिच्यावर जास्त चिडते. फोनवर कुणीतरी केलेलं स्वगत बघायचं आणि तसंच्या तसं उतरवायचं. तेंडुलकरांच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे' (1967) मधली बेणारे दरवर्षी दोघी-तिघी तरी आणतात आणि पहिल्या शब्दापासून रडतात. मी विचारते, तिला बोलायला किती वेळ दिलाय? कुणालाच माहीत नसतं. न्यायाधीश झालेला काशीकर तिला दहा सेकंद देतो. बाकीची पात्रं थिजतात आणि ती जे बोलते ते फक्त आपल्याला ऐकू येतं. हा खटला वेळ घालवायला म्हणून मांडलेला खेळ होता. सुरुवातीला हीच बेणारे गाणी म्हणत, सगळ्यांची फिरकी घेत वावरत असते. ती बाई तुम्हाला माहीतच नसेल तर शेवटी तिचं काय हिरावलं गेलं, ते कसं दाखवणार? नाटक आख्खं वाचा, दोनदा वाचा. "ताई, पण ऑडिशन परवा आहे" हे कारण मी ऐकून घेत नाही. परवा असेल तर आधी मुरलेला उतारा घेऊन जा.

दलित पात्र म्हणजे मार खाणारं, मुस्लिम पात्र म्हणजे दंगलीतलं, एवढंच शोधू नका. दत्ता भगतांच्या 'वाटा-पळवाटा'मध्ये आंबेडकरी चळवळीतल्या तीन पिढ्या एकमेकांशी वाद घालतात आणि प्रत्येकाचं काहीतरी बरोबर असतं. तरुण नटाला असा प्रवेश हवा.

एकोणिसाव्या वर्षी 'नटसम्राट'मधले बेलवलकर करू नका.

भाषांतरित नाटकाचा पत्ता बदलू नका. 'अ रेझिन इन द सन' (1959) हे शिकागोतल्या कृष्णवर्णीय कुटुंबाचं, गोऱ्यांच्या वस्तीत घर घेण्याचं नाटक आहे. आडनाव ऐकून घर नाकारणं मुंबईतही चालतं, पण तो प्रवेश वेगळा आहे, तो नव्यानं लिहा.

जाहीर प्रयोग करणार असाल तर लेखकाची परवानगी घ्या, भाषांतर असेल तर भाषांतरकाराचीही. लेखकाच्या निधनानंतर 60 वर्षं हक्क वारसांकडे असतात.

शेवटची चूक आम्हा शिकवणाऱ्यांची आहे: आडनाव बघून उतारे वाटणं. शेख असेल तर उर्दू संवाद, कोळीवाड्यातली असेल तर कोळीण. वरळीच्या त्या मुलीला शाळेपासून प्रत्येकानं टोपली आणि नऊवारीच दिली होती. मी तिला कपाटाची किल्ली देऊन म्हटलं, तूच निवड. तिनं तीन दिवस संहिता चाळल्या आणि ग्रीक शोकांतिकेतली राजकन्या निवडली, राजासमोर ताठ उभं राहून नाही म्हणणारी. मी विचारलं, हीच का? म्हणाली, "हिला कुणी आवाज चढव म्हणून सांगत नाही."